आत्या आली

लोपेतीने अळूच्या कंदांचं पातेलं विटांवरून उतरवलं आणि वाफेत लोंबणारी बट मनगटाने मागे सारली. केस कमरेपर्यंत होते. बाप गेल्यावर मुलांनी ते बांधायचे नसतात, म्हणून तीन दिवस मोकळेच होते, आणि धूर, तेल, घाम खाऊन दोरखंडासारखे झाले होते. त्याने कमरेला गुंडाळलेली सुतकाची फाटकी चटई छातीपर्यंत येत होती. वाकलं की तिच्या कडा हनुवटीला टोचत. त्या चटईच्या घडीत ठेवलेला फोन थरथरला.

टॅमसिनचा निरोप होता. तीच त्याच्या चित्रपटाची निर्माती, तीच संकलक. 'काहीच घाई नाही. सावर स्वतःला. फक्त केसांना काही करू नकोस.' शेवटचं वाक्य तिने आतापर्यंत तिसऱ्यांदा लिहिलं होतं.

"तीच ना?" सिलियाने कोबी चिरता चिरता विचारलं. त्याची धाकटी बहीण. तिच्याही अंगावर तसलीच चटई होती. "बाप आत पेटीत आहे आणि ही केसांची चौकशी करतेय."

"सोमवारी शूटिंग आहे."

"कशाचं?"

"सुटकेसचं."

सिलियाने कोबीचा पुढचा गड्डा घेतला आणि बरोबर मधोमध कापला.

हे सगळं याच घराच्या गॅरेजमध्ये सुरू झालं होतं. नऊ वर्षांपूर्वी, सतरा वर्षांचा असताना, लोपेतीने खाऱ्या मांसाच्या डब्यांच्या चळतीवर फोन टेकवला, अंबाड्यातली पिन काढून केस एका खांद्यावर सोडले आणि एसेता आत्याची नक्कल केली. आत्या घरी येते, फ्रीज उघडते आणि आतल्या एकेका वस्तूला नाव ठेवते. चाळीस सेकंद. तिचं डावा पाय ओढत चालणं, पुढच्या तुटक्या दातातून येणारी शीळ, हसताना झग्याची कॉलर ओढून तोंडावर धरणं, त्याने काही म्हणजे काही सोडलं नाही. आठवड्याभरात त्यांच्या ओटाहुहू उपनगरातल्या बसमध्ये लोक ते एकमेकांना दाखवत होते. महिन्याभरात सिडनीतले, अमेरिकेतले त्यांच्यासारखेच टोंगन लोक स्वतःच्या आत्यांची नावं घेऊन त्याखाली लिहीत होते. मालिकेचं नाव पडलं 'आत्या आली'.

सुटकेस पाचव्या वर्षी आली. आत्याला मूल नव्हतं. तिच्या पलंगाखाली एक सुटकेस होती आणि तिच्यात लहान बाळांचे कपडे होते, घड्या घातलेले, डांबराच्या गोळ्या टाकलेले. लोपेतीने ती लहानपणी लपंडाव खेळताना उघडली होती. फितीतली आत्या गॅरेजमध्ये सुटकेस उघडते, एक झबलं काढते, हवेतच कुणाला तरी घालते आणि म्हणते, "घट्ट होतंय, फार खातोस तू." ती फीत चाळीस लाख लोकांनी पाहिली. त्यावरूनच चित्रपट मिळाला.

एकदा त्याने केसांचा टोप घालून पाहिला होता. टोप डोक्यावर टोपीसारखा बसला आणि कुणी हसलं नाही. हशा नेमका कुठे येतो हे टॅमसिनने पन्नास प्रेक्षकांवर मोजलं होतं: पिन निघते, केस खांद्यावर पडतात, त्यानंतर अर्ध्या सेकंदात. अजून तो एक शब्दही बोललेला नसतो. एकतीस दिवसांचं काम झालं होतं, सहा दिवसांचं उरलं होतं, आणि त्या सहाही दिवसांत आत्याच होती.

आणि बाप गेला की मुलांचे केस बापाची बहीण कापते. शवपेटीच्या उशाशी ती बसते. आलेली प्रत्येक चटई, प्रत्येक डुक्कर आधी तिच्यासमोर ठेवतात. तिचा शब्द कुणी परतवत नाही. लोपेतीच्या बापाला एकच बहीण होती.

केस राहू द्याल का, असं सरळ जाऊन विचारायची सोय नव्हती; बापाच्या जवळपास मुलांनी फिरकायचं नसतं, त्यांची जागा मागच्या अंगणात, चुलीपाशी. म्हणून त्याने रीतसर मार्ग धरला. घरातली सगळ्यात जुनी, सगळ्यात मऊ चटई नजराण्यासाठी काढली आणि आईला मध्यस्थ केलं.

"जाते मी," आई म्हणाली होती. "पण हे माझ्या तोंडी शोभत नाही, एवढं लक्षात ठेव."

ती अर्ध्या तासाने रिकाम्या हातांनी परत आली.

"घेतली तिने चटई."

"आणि?"

"बरं, म्हणाली."

"फक्त बरं?"

"मग काय नाचायला हवं होतं तिने?"

लोपेतीला तेवढं पुरे होतं. त्याने न्हाणीघरातल्या आरशाकडे पाठ करून वळून पाहिलं, मानेच्या अगदी तळाशी, जिथे कॅमेऱ्याला कधीच दिसणार नाही, तिथे करंगळीएवढी वेणी घातली आणि तिला पांढरा दोरा बांधून ठेवला. आत्या तेवढी कापेल. रीतही सांभाळली जाईल आणि कामही.

दुपारी आत्या स्वतः मागच्या अंगणात आली. सगळ्यांचे हात थांबले. तिची जागा आत होती, इथे तिने यायचंच नसतं. कुणीतरी घाईघाईने खोकं उपडं करून त्यावर टॉवेल टाकला. ती बसली. बाकीच्या बायका भांडी उचलून लांबच्या नळावर गेल्या. सिलिया पाठ करून कोबी चिरत राहिली.

"तुझ्या आईने निरोप दिला," आत्या म्हणाली.

"हो, आत्या."

"किती दिवस राहिलेत?"

"सहा."

"त्यात मी किती?"

"सगळेच."

आत्याने मान हलवली. "सुटकेस आहे त्यात?"

लोपेतीने उगाचच पातेल्यात पळी फिरवली. "आहे. जरा वाढवलीय."

"वाढवलीय म्हणजे?"

"शेवटी ती सुटकेस घेऊन विमानतळावर जाते. तपासणीवाले सगळ्यांसमोर उघडायला लावतात."

"आणि आत झबली."

"हो."

"हसतील," आत्या म्हणाली. उद्या ऊन पडेल असं सांगावं तसं. मग तिने गुडघ्यावरची राख झटकली. "आमच्या धुलाईखान्यात पण सगळ्यांनी बघितलंय. इस्पितळाच्या. बायका मला माझ्या नावाने हाकच मारत नाहीत आता. नवी मुलगी कामाला लागली की पहिल्या दिवशी म्हणते, आत्या, एकदा चालून दाखवा ना."

"मग?"

"चालते. चादरींच्या गाडीपर्यंत जायचंच असतं मला."

सिलियाची सुरी थांबली आणि पुन्हा सुरू झाली.

"आत्या, ते तुमच्यावर नाहीये," लोपेती म्हणाला. हे वाक्य त्याला पाठ होतं. मुलाखतीत त्याने ते बऱ्याचदा म्हटलं होतं. "ते सगळ्यांच्याच आत्यांवर आहे."

"सगळ्यांच्या आत्यांकडे सुटकेस असते?"

त्याने चुलीतलं लाकूड आत सरकवलं.

"तुझ्या बापाला कुणीतरी चर्चच्या अंगणात दाखवली ती फीत," ती म्हणाली. "बहिणीचं असलं काही भावाने बघायचं नसतं. त्याने बघितलं. त्यानंतर चार वर्षं माझ्या घरात पाऊल टाकलं नाही त्याने. दर शनिवारी कोनफळांची पिशवी फाटकाला अडकवायचा आणि जायचा. मी पडद्याआडून बघायची. एकदा हाक मारली, तर पळाला. अडुसष्ट वर्षांचा माणूस, सपाता फटाफटा वाजवत पळाला."

"मला काहीच बोलले नाहीत ते."

"माझ्याशी बोलला नाही, तर तुझ्याशी कुठून बोलेल?" तुटक्या दातातून बारीक शीळ आली. "असो. चटई छान आहे. तुझ्या आजीच्या हातची. केस राहतील तुझे. पोरांच्या कामात आडवं येऊ नये."

ती गुडघ्यावर हात टेकून उठली आणि घराकडे निघाली. लोपेती बघत होता. बघू नये असं त्याला वाटत होतं, तरी बघत होता. आणि त्याच्या लक्षात आलं की ती पाय कमरेपासून ओढतच नाही. गुडघा वळत नाही, आणि त्याला सांभाळायला कंबर झुकते. नऊ वर्षं तो चुकीचं करत आला होता. सोमवारी टॅमसिनला सांगायला हवं, त्याच्या मनात आलं.

"झालं तुझ्या मनासारखं?" सिलियाने विचारलं.

"झालं."

"शहाणा आहेस," ती म्हणाली, आणि चिरलेला कोबी पातेल्यात लोटला.

दफनाच्या सकाळी गाडी लावायच्या जागेवर मांडव घातला होता. एका बाजूला ओळीने खुर्च्या, पाहुण्यांसाठी. समोर जमिनीवर चटयांचे थर, त्यावर शवपेटी, उशाशी आत्या. काळा झगा, आणि त्यावर नीटस, बारीक विणीची लहान चटई. घरातल्या माणसाने मोठी आणि फाटकी नेसायची, मोठ्या माणसाने लहान आणि चांगली. दोनेकशे लोक होते. चर्चचे गायक चार सुरांत गात होते. मुलं, पुतणे, पुतण्या असे अकरा जण पेटीपासून सात पावलांवर, मान खाली घालून, पाय दुमडून बसले होते. त्या रेषेच्या पुढे त्यांनी यायचं नव्हतं. लोपेती थोरला, म्हणून ओळीत पहिला.

आत्याने दुसऱ्या टोकापासून सुरुवात केली.

कात्री मोठी होती, धुलाईखान्यात वापरतात तसली. ओली दोरी कापावी तसा आवाज येत होता. धाकटा भाऊ हावेआ, त्याच्या मानेवरचे कुरळे. मग चुलत बहिणी. मग सिलिया. तिचे केस शाळेपासून वाढवलेले होते. आत्याने ते मुळाशी मुठीत धरले, तीनदा कात्री चालवली आणि पांढऱ्या कापडावर आडवे ठेवले. सिलियाने हुंदका दिला नाही. फक्त मोकळ्या झालेल्या मानेवरून एकदा हात फिरवला. आत्या प्रत्येकासाठी वेळ घेत होती. कापून झालं की कपाळाला कपाळ टेकवत होती, कानात काहीतरी बोलत होती. लोपेतीच्या डाव्या पायाला मुंग्या आल्या, मग मुंग्याही गेल्या. पाऊण तास झाला होता.

शेवटी ती त्याच्यामागे येऊन उभी राहिली. तिची बोटं केसांत शिरली, आणि दोऱ्यापाशी थांबली.

"हे काय?"

"तिथली कापा, आत्या," तो पुटपुटला. "तिथलं दिसत नाही."

तिने दोरा सोडला. बोटांनी वेणी उकलली, गुंता काढला, आणि कमरेपर्यंतचे सगळे केस त्याच्या पाठीवर सारखे पसरले. हात हलका होता. मग कात्री कापडावर ठेवल्याचा आवाज आला.

तिने पाउलिआसीला हाक मारली. तो घराण्याचा मानकरी. अशा वेळी जे बोलायचं ते तोच मोठ्याने बोलतो. आत्या त्याच्याशी हळू बोलली. म्हाताऱ्याने एकदा तिच्याकडे बघितलं, एकदा लोपेतीकडे. मग घसा साफ केला.

"आपल्यात एक पाहुणे आहेत," तो खणखणीत आवाजात म्हणाला. "सिनेमावाले आहेत. कामातून वेळ काढून आलेत, त्यांचे आभार. त्यांच्या अंगावर चुकून घरच्यांची चटई आलीय, त्याबद्दल माफी असावी."

गायकांचा एक सूर मध्येच तुटला आणि पुन्हा लागला.

दोन बायका आल्या आणि लोपेतीच्या कमरेची दोरी सोडू लागल्या. त्याने चटई दोन्ही हातांनी धरली. "आत्या, कापा," तो म्हणाला. "सगळे कापा. मी माझं मागणं मागे घेतो."

"चटई मी घेतलीय," आत्या म्हणाली. "आपण घेतलेलं परत देत नाही."

"आई—"

आई ओळीच्या शेवटी होती. ती स्वतःच्या नखांकडे बघत होती.

फाटकी चटई गेली. त्या जागी एक छोटीशी, कोरी चटई बांधली गेली, शेजारपाजारच्यांना देतात तसली. आत्याने त्याला दंडाला धरून, अगदी आदराने उठवलं.

"पाहुण्यांनी आधी दर्शन घ्यावं," ती म्हणाली, आणि उशाशी तिच्या जागेवर जाऊन उभी राहिली.

या घरात मुलांपैकी कुणी बापाच्या डोक्याला कधी हात लावला नव्हता. हावेआ तीन वर्षांचा असताना बापाची टोपी ओढायला गेला, तेव्हा आईने त्याच्या हातावर पळी मारली होती. बापाच्या ताटातला घाससुद्धा मुलांनी उचलायचा नाही. पाहुण्यांचं तसं नसतं. पाहुणे येतात, वाकतात, कपाळाचं चुंबन घेतात, खुर्चीवर जाऊन बसतात.

सात पावलं होती. लोपेतीने उजवा पाय टाकला. डावा आलाच नाही. पाऊण तास दुमडलेला तो पाय लाकडासारखा झाला होता, गुडघा वळेना. त्याने तो ओढला. कंबर झुकली, केस एका खांद्यावरून पुढे आले.

खुर्च्यांच्या तिसऱ्या ओळीत एक सहा वर्षांची मुलगी आईच्या मांडीवर होती. तिने हे चालणं जन्मल्यापासून बघितलं होतं.

"आत्या आली!" ती आनंदाने ओरडली.

आईने तिचं तोंड दाबलं. तोवर मागे कुणीतरी फिसकन हसलं होतं. मग खोकल्याच्या आडून दुसरं. हसू दाबलं की खांदे हलतात. खुर्च्यांच्या ओळीच्या ओळी हलू लागल्या. गायकांतल्या दोघींनी पुस्तकं तोंडासमोर धरली. लोपेतीने सरळ चालायचा प्रयत्न केला. त्यामुळे ते जास्तच बिघडलं. पाय गुडघ्यापासून ताठ, कंबर त्याला सांभाळणारी. या वेळी अगदी बरोबर येत होतं.

तो पोचला. वाकला. केस पेटीत बापाच्या छातीवर सांडले, ते त्याने एका हाताने गोळा केले. कपाळ थंड होतं, आणि वाटलं होतं त्याहून टणक. कानाच्या वर, जिथे न्हाव्याचा वस्तरा जायचा, तिथे एक जुना व्रण होता. तो त्याने आयुष्यात कधी पाहिला नव्हता.

मान वर केली तेव्हा आत्या हातभर अंतरावर होती. तिने झग्याची कॉलर ओढून तोंडावर धरली होती. ती खूण त्याने नऊ वर्षं वापरली होती. ती हसते तेव्हा असं करते, हे त्यानेच सगळ्या जगाला सांगितलं होतं. इतक्या जवळून त्याला काहीच कळेना.

त्याला पहिल्या ओळीत खुर्ची दिली.

तिथून त्याने बघितलं, आत्याने पांढरं कापड उचललं, चारी टोकं एकत्र बांधली. दहा जणांचे केस. ते गाठोडं तिने बापाच्या पायाशी ठेवलं. मग झाकण लावलं.

कोणीतरी चहा सांगितला. पाहुण्यांना घरची मुलं चहा देतात. सिलिया ट्रे घेऊन ओळीने वाकत वाकत आली. कापलेल्या केसांची टोकं मानेवर उभी होती. ट्रेमध्ये कपाशेजारी त्याचा फोन होता.

"तुमचा आहे," ती म्हणाली. "चटईत राहिला होता."

"सिलिया."

"साखर किती?"

तो तीन चमचे घेतो हे तिला माहीत होतं. ती चमचा धरून, नजर कपावर ठेवून थांबली. मागे अजून बरेच पाहुणे होते.

"तीन," तो म्हणाला.

तिने तीन चमचे घातले, ढवळले, आणि पुढच्या खुर्चीपुढे वाकली.

फोन पुन्हा थरथरला. टॅमसिनने या वेळी एकच शब्द लिहिला होता. 'केस?'

लोपेतीने कप जमिनीवर ठेवला, पुढे आलेली बट कानामागे सारली आणि उत्तर लिहिलं.

'आहेत.'